मी न वाजवलेला सूर

प्रिय टिंगू,

पाकीट बघून दचकली असशील. वाढदिवसाच्या शुभेच्छासुद्धा मोबाइलवर एक अंगठा पाठवून उरकणाऱ्या बाईने कागद घेतला, तिकीट चिकटवलं, म्हणजे नक्की काहीतरी बिघडलंय, असं वाटलं असेल तुला. बिघडलंच आहे. मी घाबरले आहे, टिंगू, आणि कुणा दुसऱ्याला नाही, माझ्याच डाव्या हाताला घाबरले आहे. फोनवर सांगायला गेले असते तर मधेच तू गप्प झाली असतीस आणि त्या गप्प होण्याने माझी पाचावर धारण बसली असती. म्हणून हा कागद. हातातलं काम ठेव, जावईबापू घरात असतील तर त्यांनाही बोलाव, आणि शेवट आधी वाचू नकोस. लहानपणी गोष्टीच्या प्रत्येक पुस्तकाचं तू तेच करायचीस.

आधी चांगलं सांगते. अल्बम चाललाय. आमच्या वयाच्या लोकांनी घेतला यात नवल नाही, त्यांना दुसरं येतं काय! पण कॉलेजातली पोरंही ऐकतायत म्हणे. चाळीस वर्षं बँड ओढला आणि लाइव्ह अल्बम आत्ता कुठे निघाला. मीच इतकी वर्षं नको म्हणत होते. आमचा ड्रमवाला ढोल्या म्हणायचा, स्टुडिओत चूक पुसता येते, लाइव्हमध्ये ती झाकावी लागते, आणि तुला झाकणं कधीच जमलं नाही. तेव्हा शेवटी हो म्हणताना मी अट घातली: नंतर काहीही दुरुस्त करायचं नाही. जसं वाजलं तसं जाईल. अल्बमवर मागच्या बाजूला हेच छापलंय, तू बघितलंच असशील.

कार्यक्रमाची ती संध्याकाळ छान होती गं. तू प्रवासात होतीस, नाहीतर पहिल्या रांगेत बसवली असती. थिएटर जुनं, पडद्यामागे लाकूड कुजल्याचा वास, आणि मी गुडघ्याला पट्टा बांधून त्यावर ते उंच बूट चढवलेले. ढोल्याचा शर्ट पोटावर लागत नव्हता, तर त्याने बटणं उघडी टाकून तीच फॅशन म्हणून खपवली. तिसरं गाणं ते संथ, तू पोटात होतीस तेव्हा केलेलं. त्यातला माझ्या गिटारचा एकल तुकडा मी झोपेतही वाजवीन. वरचा लांब सूर सोडून हात खाली उतरतो तिथे एक सूर जादा आला. बुटका, घाईघाईतला, कुणीतरी दारातून डोकावून पळावं तसा. लोकांनी जोरात दाद दिली. मी मनात म्हटलं, घसरला हात, वय झालं बाई. आणि पुढे वाजवत राहिले.

नंतर कानसेनच्या खोलीत मिक्सिंगला बसलो. तो ध्वनिमुद्रक गं, ज्याला पंख्याची घरघर कोणत्या सुरात आहे तेही सांगता येतं. प्रत्येक वाद्य वेगळं मुद्रित केलेलं असतं, त्यामुळे बाकी सगळं बंद करून एकच ऐकता येतं. त्याने ढोल्याला बंद केलं, गर्दी बंद केली, आणि नुसती माझी गिटार लावली. आपला चेहरा कुणी भिंगाखाली धरावा तसं वाटलं. मग त्याने विचारलं, ही जागा नवीन आहे, मुद्दाम घेतेस का? मी हो म्हटलं. तो खूश झाला आणि दुपारच्या तालमीचं मुद्रण शेजारी लावून दाखवलं. तिथेही तो सूर होता. मग हौसेहौसेने त्याने तो जलद गाण्यातही शोधून काढला, जिथे त्याचं काहीच काम नव्हतं. तिथला काढून टाकू का, एका क्षणाचं काम आहे, म्हणाला. मी ऐटीत म्हटलं, जसं वाजलं तसं. त्याला वाटलं बाई तत्त्वाची पक्की. तत्त्व कसलं डोंबलाचं! काढ म्हटलं असतं तर ती चूक आहे हे कबूल करावं लागलं असतं.

घरी आले, ओट्यावरचं दूध तसंच ठेवून टेबलाशी बसले. अँप्लिफायर लावला नाही, नुसत्या तारा. तोच तुकडा तो सूर न घेता वाजवायचा होता. नाही जमलं. हळू वाजवला, आणखी हळू, शिकाऊ पोरं वाजवतात तसा एकेक सूर मोजून. करंगळी प्रत्येक वेळी आली. थरथर असती तर मी म्हातारपणावर ढकलली असती. ही थरथर नव्हती. ती आपल्या मनाने उठत होती आणि शेजारच्या तारेला हात लावून परत येत होती, मी बोलावलेलं नसताना. मग गिटार ठेवली आणि हात नुसता टेबलावर पसरला. करंगळी हलली. तिच्याशेजारचं बोट हललं. आणि टिंगू, तो हात माझा नव्हता, माझ्या बाबांचा होता.

तुझे आजोबा जिन्यावरून पडून गेले असं तुला सांगितलंय. खोटं नाही ते. पण त्याच्या आधी कितीतरी वर्षं ते पडतच होते. शिंप्याच्या मोठ्या दुकानात ते कापड बेतायचे. कात्री अशी चालायची की खडूची रेघ आखायचीसुद्धा गरज पडत नसे. मग एका कोटाची बाही वाकडी कापली गेली. मग दुसऱ्याची. मग चालताना पाय भलतीकडे पडायला लागले आणि गल्लीने ठरवून टाकलं की हा पितो. आईलाही तसंच वाटलं. संध्याकाळी दारात उभी राहून ती त्यांचं तोंड हुंगायची आणि ते लहान मुलासारखे आ करून उभे राहायचे. थेंबाला शिवले नव्हते कधी. जेवताना त्यांची बोटं ताटाच्या कडेवर अशीच नाचायची, आणि आम्ही सगळे ताटाकडे न बघता जेवायचो. त्यांच्या बहिणीलाही तसंच झालं होतं, पण घरात त्यावर बोलायची सोय नव्हती. गल्ली त्यांना दारुडा म्हणायला लागली त्याच वर्षी मी गिटार उचलली. मोठा आवाज करणारं काहीतरी मला हवं होतं.

हात दाखवून अवलक्षण नको म्हणून मी डॉक्टरकडे जायचं टाळत राहिले. शेवटी ढोल्या धरून घेऊन गेला. त्यालाही खरं सांगितलं नव्हतं, सांधे दुखतात म्हटलं होतं, म्हणून तो बाहेर बसून खुशाल घोरत होता. डॉक्टरीणबाई तुझ्याहून लहान. नाकाला बोट लावा, सरळ रेषेत चाला, जीभ बाहेर काढून ठेवा. जीभ ठरत नव्हती, पुन्हापुन्हा आत जायची. रक्त घेतलं. निकाल आला तो बाबांचाच. आता त्या आजाराला नाव आहे, लांबलचक, मी कागदावर लिहून घेतलंय. माझं उशिरा सुरू झालंय, सावकाश जाईल, काही वर्षं बरी मिळतील, असं ती म्हणाली. मग तिने विचारलं, मुलं आहेत का तुम्हाला. आणि मी नाही म्हणाले.

का म्हणाले ते मला विचारू नकोस. नाही म्हटलं तर तो आजार तुझा पत्ता विसरेल असं काहीसं वाटलं असेल. जिन्यापर्यंत गेले आणि परत फिरले. बाहेरची माणसं ओरडत होती, ओ बाई, नंबराने या. मी आत घुसून म्हटलं, "आहे. एक मुलगी आहे मला. तिला होईल का?" ती उठली, तिने दार लावलं, मला बसवलं. निम्मी शक्यता, म्हणाली. नाणं उडवावं तशी. तपासणी करता येते, पण पुष्कळ जणांना कळून घ्यायचं नसतं आणि तो ज्याचा त्याचा हक्क आहे.

तू सुट्टीला आलीस की पोटभर जेवायला घालून मग सांगायचं, असं मी ठरवलं होतं. तोवर अल्बम बाहेर पडला आणि त्या सुराने डोकं वर काढलं. एकाने लिहिलं, या वयात ही बाई नियम मोडते आहे. वाचून हसले आणि मग न्हाणीघरात जाऊन रडले. पोरं ती जागा बसवून व्हिडिओ टाकतात, ढोल्या मला कौतुकाने पाठवतो. मी एकूण एक बघते. मेहनत घेतात बिचारी, पण कुणाला जमत नाही. त्यांचा सूर फार नेटका पडतो. मुद्दाम वाजवलेला कळतो, टिंगू. मला तरी कळतो.

परवा तुझा फोन आला. ऐक आई, म्हणून तू फोन गिटारजवळ ठेवलास आणि तोच तुकडा वाजवलास. तुझा सूर नेटका नव्हता. ती जागा छान बसवलीस गं, असं मी कसंबसं म्हणाले, तर तू हसून म्हणालीस, "बसवली कुठे, ती आपोआप येते." त्यावर मी दारावरची बेल वाजली म्हणून फोन ठेवला. बेल वाजली नव्हती. तेव्हापासून मी स्वतःला बजावते आहे की तू जन्माची नकलाकार. माझ्यासारखी चालतेस, माझ्यासारखी शिंकतेस, शाळेच्या प्रगतिपुस्तकावर माझी सही माझ्याहून बरी करायचीस. अल्बम ऐकून ऐकून हेही उचललं असशील. नक्कलच असू दे, एवढंच मी दिवसभर पुटपुटते. आता तू उठून गिटारकडे जाशील, तो सूर न घेता वाजवता येतो का बघायला. मी आई आहे, मला माहीत आहे. जाऊ नकोस. मी ते टेबलाशी एकटीने केलंय, तू एकटीने करायचं नाहीस. शनिवारचं तिकीट काढलंय, दुपारपर्यंत पोचते. तोवर गिटार पेटीत घालून जावईबापूंच्या हवाली कर. मी आले की दोघी बसू. तू म्हणालीस तर वाजवून बघू, नको म्हणालीस तर त्या पेटीला हात लावायचा नाही.

तुझीच, दाराशी पोचेपर्यंत जिवात जीव नसलेली,
आई