घुमटातली निळी फुलं

ती. बाबांना नमस्कार,

पुन्हा तेच लिहिलंत, की मी कुठे टिकत नाही. या वेळी मला बोलू द्या.

जुन्या मशिदीच्या घुमटाचा चुना खरवडतोय. शंभर वर्षांच्या थराखाली तीनशे वर्षांचा निघाला, त्याखाली निळी फुलं. वरचा चुना धरावा म्हणून तेव्हाच्या गवंड्यांनी फुलांवरच छिन्नीने टोचे मारलेत. ते एकेक बुजवायचे. परांचीवर उताणा पडलो की फुलं खाली येतात आणि मी वर तरंगतो.

मिस्त्री म्हणाले, "तीन वर्षं लागतील. पळायचं तर आजच पळ." मी राहतो म्हणालो.

म्हणजे मध्ये घरी येणं नाही. माझी वाट बघत मोतीबिंदू अंगावर काढू नका, दादाला घेऊन दवाखान्यात जा. आई जेवते ना?

तुमचा धाकटा

ता. क. ऑपरेशनला सहा हजार पाठवतोय.