पाटीवालीचा खेळ

आई, त्या खेळाचं नाव काय होतं? मला ते सांगता येत नाही. तुलाही आलं नसतं. पडद्यावर इंग्रजी अक्षरं यायची, ती तू वाचायची नाहीस आणि मला वाचता येत असून मी कधी वाचली नाहीत. तू तिला पाटीवाली म्हणायचीस, मग मीही म्हणायला लागले, आणि तेवढ्यावर आपलं भागत होतं. आता मी दोन महिने एका खेळाच्या मागे आहे आणि शोधायच्या चौकटीत टाइप करायला माझ्याकडे नावच नाही. पाटीवाली असं लिहून पाहिलं. गावाकडच्या बाजारांची छायाचित्रं आली.

हे सगळं तुझ्या श्राद्धाच्या दिवशी सुरू झालं. आम्ही आता कोथरूडला भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहतो, मी आणि बाबा. यवतमाळहून आत्या आली होती. जेवणं झाल्यावर ती सुपारी कातरत म्हणाली, "वहिनी काम करता करताच गेली. एक घडी खाली बसलेली पाह्यली नाही मी तिले." बाबांनी मान हलवली. मी ताटं उचलत होते. सहज बोलून गेले, "बसायची की. दुपारी टीव्हीवर गेम खेळायची." आत्या हसली. बाबा म्हणाले, "काहीतरीच बोलतं तू. तिले कुठी टाइम होता खेळाले?" आत्या म्हणाली, "जास्त शिकलं का असंच आठवते वाटते." मी ताटं घेऊन मोरीत गेले आणि नळ मोठा सोडून उभी राहिले.

तुला वाटेल, एवढ्याशा गोष्टीचं काय घेऊन बसलीस. पण मला ती एवढीशी वाटत नाही. आपल्या घरात पदवी घेतलेली मी पहिली. कॉलेजात मी घरातल्या बायकांच्या कामावर भाषणं केली, त्या कामाला कुणी काम म्हणत नाही, असं तावातावानं सांगितलं, टाळ्या घेतल्या. आणि माझ्या घरी उलटंच झालं होतं. तुझं काम सगळ्यांच्या लक्षात आहे. स्वयंपाक, शिलाई, पाण्याच्या खेपा, सगळं कौतुकानं सांगतात. फक्त तुला काही आवडायचं, हे कुणाला माहीत नाही. माझ्या एकटीच्या डोळ्यांवर ते उभं आहे, आणि ते डोळे तेव्हा आठ-नऊ वर्षांचे होते. मी ठरवलं, तो खेळ शोधायचा आणि बाबांच्या समोर ठेवायचा.

खेळाचा डबा तू तुळशीबागेतून आणलास. दिवाळीची खरेदी होती. फूटपाथवरच्या माणसानं टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम पसरून ठेवला होता, सोबत एक पिवळी कॅसेट, तिच्यात म्हणे शेकड्यांनी खेळ. तू म्हणालीस, "पोरीसाठी पाह्यजे. बिघडला तं?" तो आपल्याकडे न बघता म्हणाला, "बिघडला तर मुलगी अभ्यासाला बसेल. फायदा तुमचाच आहे." तू तोंडाला पदर लावून हसलीस आणि घेतलास. पंधरा दिवसांत माझं मन त्यातून उडालं, मला खाली पोरींबरोबर लंगडी खेळायची असायची. डबा टीव्हीखाली पडून राहिला. मग एकदा मी सकाळच्या शाळेतून आले तर तू टीव्हीसमोर भिंतीला टेकून बसलेली, मांडीवर तांदूळ पाखडायचं सूप, हातात गेमचा रिमोट.

वारज्याची ती खोली आठवते आहे. एकच खोली, मध्ये कपाट आडवं लावलेलं. कपाटापलीकडे बाबा झोपलेले. कायमची रात्रपाळी होती त्यांना, पत्रा दाबायच्या प्रेसच्या मशिनीवर. कंपनीची बस सकाळी त्यांना नाक्यावर सोडायची आणि ते आले की आपल्या घरात रात्र व्हायची. तू कुकरची शिट्टी होऊ देत नाहीस, चमच्यानं ती उचलून हळूहळू वाफ सोडतेस. भांडी बाहेर गॅलरीत, फडक्यावर ठेवून घासतेस. शिलाई मशीनवर चादर टाकलेली असते, ती बाबा कामाला निघाले की निघते. मी चप्पल दारात काढून हातात धरून आत येते. हे सगळं मला कुणी सांगितल्याचं आठवत नाही, दात घासायचे असतात तसं ते होतं. बाबा कधी ओरडलेही नाहीत. त्यांची झोप कच्ची होती आणि रात्री हात मशिनीत जायचा धोका होता, एवढंच.

आणि तू खेळतेस. खेळ काय, एक छोटं चित्र डावीकडून उजवीकडे चालत जातं. त्याच्या डोक्यावर काहीतरी मोठं आहे. खेळ बनवणाऱ्यानं टोपी काढली असेल की घडा, देव जाणे, आपल्या टीव्हीत सगळं फाटल्यासारखं दिसायचं. तुला ती पाटी दिसली. "पाह्य कशी चालली डोक्स्यावर घेऊन," तू माझ्या कानात म्हणालीस. "बिल्डिंगीवर रेती वाहते वाटते." वाटेत खड्डे यायचे, वरून पक्षी यायचे, तू खांदे उडवून तिला उडी मारायला लावायचीस. पण खरी गंमत पुढे होती. बटणं सोडून दिली आणि थोडं थांबलं की ती डोक्यावरचं ओझं खाली ठेवायची आणि त्याच्यावर बसायची. पाय हलवत बसायची. हे तुझं तूच शोधलंस, दाराशी कुणी आलं म्हणून रिमोट खाली ठेवलास तेव्हा. त्यानंतर तू तिला प्रत्येक डावात बसवायचीस. वरच्या कोपऱ्यात वेळ संपत यायचा. मी कुजबुजायचे, "आई, चाल ना, मरेल ती." तू म्हणायचीस, "मरू दे. बसू दे तिले घडीभर." आणि ती बसल्या बसल्या डाव संपायचा. असा खेळ खेळणारी दुसरी व्यक्ती मी अजून पाहिलेली नाही.

एकदा मात्र तुला काय झालं कोण जाणे, तू तिला न बसवता पुढे नेलंस, नदी ओलांडलीस, पूल ओलांडलास, आणि मी टाळी वाजवून ओरडले. तू रिमोट टाकून माझं तोंड दाबलंस आणि दंडाला असा चिमटा काढलास की दोन दिवस वळ होता. "चूप. बाबा उठतीन. रातभर उभे राह्यले थे, अन् तू बोंबलून राह्यली." कपाटापलीकडे कूस बदलल्याचा आवाज झाला. आपण दोघी श्वास धरून. मग तू माझ्याकडे पाहिलंस आणि तुला हसू आलं. पदर दातांत धरून तू हसत राहिलीस, नुसते खांदे हलताहेत, डोळ्यांतून पाणी. तुझं हसणं मला असंच आठवतं, ऐकलेलं नाही, पाहिलेलं.

मी अकरावीत असताना तू गेलीस. कावीळ अंगावर काढलीस, मग दवाखान्यात सहा दिवस. घर बदलताना डबा आणि कॅसेट भंगारात गेली, मी घरात असूनही माझ्या ध्यानात आलं नाही.

तर आता शोधणं. माझ्या ऑफिसात, आम्ही लोकांच्या कॉम्प्युटरच्या तक्रारी सोडवतो तिथे, एक मुलगा आहे, माझ्याच टीममधला, त्याला असल्या जुन्या खेळांचं वेड आहे. त्यानं सांगितलं की संगणकावर एक प्रोग्रॅम टाकायचा, तो त्या जुन्या डब्याचं सोंग घेतो, त्याला एम्युलेटर म्हणतात. कॅसेटमधले खेळ लोकांनी कधीच काढून फाइलींमध्ये भरून ठेवलेत, ती फाइल त्या प्रोग्रॅमला दाखवायची. ही उतरवाउतरवी नियमात बसत नाही हे मला माहीत आहे, आणि मी या बाबतीत ऑफिसात सगळ्यांना उपदेश करणारी आहे. पण आपली पिवळी कॅसेटही नक्कलच होती, असं मनाला सांगून मी पहिली फाइल घेतली. ती उतरली आणि नाहीशी झाली. प्रोग्रॅम उघडून पाहावं तर रिकामी चौकट, खेळ एकही नाही. अर्धा दिवस गेला. शेवटी त्या मुलाला विचारलं. तो म्हणाला, "मॅडम, डाउनलोड्स फोल्डर चेक केला का? क्लायंटला रोज तुम्हीच लिहिता हे." तिथेच होती, पण झिपच्या गाठोड्यात बांधलेली. गाठोडं सोडायचं, आतली फाइल काढून वेगळ्या जागी ठेवायची, मग प्रोग्रॅमला ती जागा दाखवायची. "अब मिलेगा," तो म्हणाला. "नाव काय गेमचं?" मी म्हटलं, नाव माहीत नाही. त्यानं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी गावाचं नाव माहीत नसताना तिकीट मागते आहे.

मग मी मिळतील तेवढे खेळ उतरवले. रविवारी सकाळी बसायचं, एकेक उघडायचा, थोडं पाहायचं, बंद करायचा. जो नाही तो 'ही नाही' या फोल्डरमध्ये. एवढे खेळ, आणि सगळे किती कलकलाट करणारे. टणाटण उड्या, शिट्ट्या, घाईघाईची वाजंत्री. असलं काही सुरू झालं की मी लगेच बंद करायचे. आपला खेळ असा नव्हता, हे मला पक्कं ठाऊक होतं. आपला शांत होता. मी खरंच तसा खेळ शोधत होते, आई. जन्मतःच मुका असलेला.

गेल्या रविवारी दुपारी बाबा जेवून सोफ्यावर आडवे झाले. त्यांना डोळा लागला तसा मी लॅपटॉपचा आवाज शून्यावर नेला. विचार करून नाही, हात आपोआप गेला. नवीन खेळ उरले नव्हते. 'ही नाही' मधलेच पुसून टाकायच्या आधी एकदा चाळावेत म्हणून उघडत बसले. आणि एक चित्र डावीकडून चालत आलं. डोक्यावर मोठं काहीतरी. लॅपटॉपवर स्पष्ट दिसत होतं, ते एक पोरगं होतं आणि डोक्यावर भोपळा होता. पण मला खात्री करायची होती. मी हात काढून घेतले आणि थांबले. त्यानं भोपळा खाली ठेवला आणि त्याच्यावर बसून पाय हलवायला लागलं.

मी इयरफोन लावले आणि पुन्हा सुरुवातीपासून सुरू केलं. चालताना एक धावतं, उड्या मारणारं गाणं होतं, तेच ऐकून मी महिन्यापूर्वी ही फाइल बाजूला टाकली होती. मी थांबले, ते बसलं, आणि गाणं बदललं. बसण्यासाठी वेगळी धून होती. संथ, बासरीसारखी, लहान मुलाला थोपटावं तशी. पाटीवाली बसली की ती वाजायची आणि पाटीवाली उठली की थांबायची. एवढ्या दुपारी तू तिला बसवलंस, आई, आणि ती धून तुझ्या समोर वाजत होती आणि तुला एकदाही ऐकू आली नाही.

बाबा उठले. मी चहा दिला आणि म्हटलं, बाबा, हे बघा. इयरफोन काढून टाकले, आवाज पूर्ण मोठा केला. या घरात ते एकदा मोठ्यानं वाजावं असं मला वाटलं, आणि खोटं कशाला बोलू, त्यांना लागावं असंही वाटलं. वाक्य तयार होतं माझं. आई हे खेळायची, रोज, तुमच्या उशाशी, आवाज बंद करून. ते चष्मा लावून पुढे वाकले. पोरगं भोपळा ठेवून बसलं तेव्हा त्यांना हसू आलं. "बसलं की हो," ते म्हणाले. त्यांनी संथ धून थोडी ऐकली, बोटांनी गुडघ्यावर ठेका धरला. मी म्हटलं, "आई खेळायची तो हाच खेळ."

त्यांनी मान हलवली. "नाही गं. हे वाजलं असतं तं मले ऐकू नसतं आलं का? तिथंच तं झोपलेला राहो मी. माही झोप कशी होती, तुले मालूम हाये." मग चहाचा घोट घेऊन, माझ्याकडे नाही, पडद्याकडे बघत म्हणाले, "खेळली असती तं बरं झालं असतं. मी काय नाही म्हटलं असतं का तिले? म्हटलं असतं, कर मोठा आवाज. एक दिवस नाही झोपलो तं का मरतो का माणूस."

माझं वाक्य तोंडात होतं. त्यांच्या हातात कप, हाताला प्रेसमध्ये गेलेल्या बोटाचं थोटूक. तो हात मी रोज बघते, त्या दिवशी पुन्हा पाहिला. त्या रात्रपाळीवर माझी फी भरली गेली. खरं ते बोलावं, कुणाला लागलं तरी, असं मी आजवर सगळ्यांना सांगत आले. आणि माझ्यासमोर एक म्हातारा माणूस मनापासून सांगत होता की त्याच्या बायकोला त्याच्या घरात मोठ्यानं खेळता आलं असतं. त्यांना खरं कळलं असतं तर त्यांनी मान्य केलं असतं, ही खात्री होती मला. मग त्यानंतर ते झोपले असते कसे, हे मला दिसेना.

हे पत्र मी कुणाला दाखवणार नाही, आत्याला नाही, बाबांना तर नाहीच. तुला मात्र कळायला हवं. मी म्हणाले, "बरोबर आहे बाबा, माझाच घोळ झाला असेल. शेजारच्या काकू खेळायच्या, त्यांच्याकडे बघितलं असेल मी." ते म्हणाले, "तेच तं." संध्याकाळी त्यांनी आत्याला फोन करून तसं सांगूनही टाकलं. तुझा खेळ मी शेजारणीला देऊन टाकला, आई.