सातवा किल्ला कुणी पुसला

श्रीशैल,

डोळ्यांसमोर आण, घरात कुणी नसताना एक निवृत्त गुरुजी तुझ्या कॉम्प्युटरपुढे बसले आहेत. हातात धरून खेळायचं यंत्र आपल्याकडे नाही, म्हणून तू त्याची नक्कल करणारा प्रोग्राम बसवलास. "त्यात वेळ घालवू नको," असं तुला रोज सांगणारे हेच गुरुजी पंधरा दिवस त्यातला एकेक किल्ला जिंकत जायचा गेम चोरून खेळत होते. परवा तुझा गेम उघडायचं बटण समजून त्यांनी जपून ठेवायचं बटण दाबलं, आणि तुझ्या सातव्या किल्ल्याच्या जागी त्यांचा पहिलाच किल्ला जाऊन बसला.

शाळेतून येऊन तू रुद्राणीवर ओरडलास, "तूच हात लावलाय. वर खोटं बोलती."

"मी न्हाई लावला, दादा."

मी, म्हणजे तेच गुरुजी, पेपर तोंडापुढे धरून बसलो. तेव्हापासून तू तिच्याशी बोलत नाहीस. तुला समोर सांगायचा धीर मला अजून झालेला नाही.

पहिल्या एसटीने अंबाजोगाईला आत्याकडे जातो आहे. दिवाळीत तू तिच्या कॉम्प्युटरवर खेळून जपून ठेवलेला पाचवा किल्ला तिथे असेल, तो फ्लॉपीवर घेऊन येतो. तू आज रुद्राणीशी बोल.

तिला सगळं कळलं होतं. तू रागाने बाहेर गेलास, तेव्हा तिने कीबोर्डमागे राहिलेला माझा चष्मा उचलला, फ्रॉकला पुसला आणि माझ्या हातात दिला. म्हणाली, "घ्या अप्पा, आता वाचा पेपर."

अप्पा