दुसऱ्याच्या मापाचे बूट

बुधवार, नोव्हेंबर १८९१

लाडक्या टॅबिथा,

मी मजेत आहे. गुडघाही दुखत नाही, म्हणजे जिना चढताना सोडून. तुझा खोकला कसा आहे? गिरणीत मागावर तोंडाला फडकं बांधतेस ना?

परवा आमच्या फुटबॉल क्लबच्या ट्रेनरने, ऑग्डनने, कोरे बूट माझ्यापुढे टाकले. "घाल आणि गरम पाण्यात पाय सोडून बस. कातडं मऊ होऊ दे." नवे बूट आम्ही असेच पायावर बसवतो, म्हणून बसलो. पण बोटं चेंगरली.

"अहो, हे माझ्या मापाचे नाहीत."

"तुझे आहेत असं कोण म्हणालं? तू फक्त मऊ कर."

शनिवारी स्कॉटलंडचा एक फॉरवर्ड येतोय म्हणे, लहान पावलांचा. आणि इथे सगळे माझ्याशी अचानक फार गोड बोलायला लागलेत. काहीतरी शिजतंय, टॅबी.

तू काळजी करू नकोस. मी त्या बुटांत ओले ओट्स ठासून भरले. दाणे फुगले तसं कातडंही ताणलं. आता त्या स्कॉटलंडवाल्याच्या पायात ते खुळखुळतील. मला मात्र अगदी नीट बसतात.

आईंना विचारलंय म्हणून सांग.

तुझा, शनिवारपर्यंत तरी फॉरवर्ड असलेला,
जेथ्रो