खारीच्या पुढच्या दाताची कॅप

३ मार्च, सोमवार.
शी! खारीच्या प्रेमात पडलोय. खारीच्या! पुढच्या दातांवरून जिला खार म्हणतो ती आठवीपासूनची मैत्रीण, जी अजून माझ्या शर्टाला हात पुसते. जगात बायकांचा दुष्काळ पडलाय का? स्वतःची किळस आली. शुक्रवारपर्यंत बरा होणार. इच्छाशक्ती जबरदस्त आहे माझी.

४ मार्च.
छातीत धडधड. ताई नर्स आहे. म्हणाली, असं झालं की समोरच्या पाच वस्तू मोजायच्या, मन शांत होतं. लॅबमध्ये मोजल्या. दात, दात, दात, दात, दात. मी दातांच्या कॅप बनवतो, हे ताई विसरली. डोंबल शांत!

७ मार्च, शुक्रवार.
बरा झालो होतो. तेवढ्यात डेंटिस्टकडून माप आलं, पाकिटावर खारीचं नाव. माझ्याशी पैज लावून दातांनी बाटली उघडताना कोपरा उडालेला तो दात. तो घासून झालाय, आता वर कॅप बसवणार. पुढच्या शुक्रवारी एका वकिलाला लग्नाचं उत्तर द्यायचंय म्हणे, त्याआधी तोंड नीट करून घेतेय. इतकी वर्षं माझ्यासमोर वाकडंच चालत होतं! मला फरक पडत नाही. पुन्हा लिहितो: पडत नाही.

१० मार्च.
कॅप पाठवली. आजवरचं बेस्ट काम.

११ मार्च, दुपारी २.
कॅप परत. डेंटिस्ट फोनवर ओरडला, तुटका दात झाकायचाय आणि तुम्ही कॅपच तुटकी पाठवता? पाहिली. डावा कोपरा उडालेला, हुबेहूब. मापात घासलेला दात होता, तुटका कोपरा नव्हताच. मी आठवणीतून कोरला होता. मालकाने विचारलं, प्रेमात-बिमात आहेस का? म्हटलं, मशीनचा प्रॉब्लेम आहे.

१२ मार्च.
नवी कॅप. सरळ, गुळगुळीत, कुणाच्याही तोंडात खपेल अशी. पाठवली. ठरलं, खारीला सगळं सांगायचं. उद्या तिचा दात बसणार. परवा ती वकिलात बिझी. शनिवारी निवांत सांगू. घाई करणाऱ्यांची मला चीड आहे.

१५ मार्च, शनिवार.
लॅबच्या जिन्यात सांगितलं. तुटक्या कॅपचंही.
खार म्हणाली, गाढवा, मंगळवारी ती कॅप बघून मीच डॉक्टरांना म्हटलं, हीच बसवा. त्यांनी विचारलं, असला दात कुणाला आवडणार? मला कुणाचं नाव सांगता आलं नाही.
काल वकिलाला हो म्हणाली.
मी अभिनंदन केलं. मग तिने हसून दाखवलं. फिटिंग परफेक्ट आहे, कुठेही फट नाही.