हेल्मीच्या कपातली वाफ

ॲडम्सटाउन, फेब्रुवारी २०२१
रविवार, संध्याकाळ

आज हेल्मीला मी तीनदा विचारलं, "हॅलो, आवाज येतोय ना?" आठवून अजून लाज वाटतेय.

फिनलंडची एवढी अनुभवी नटी, आणि लॉकडाउनमध्ये आमच्यासारख्या घरापासून लांब राहिलेल्या बायकांचा झूमवर नाटकाचा वर्ग घेते. आज प्रत्येकीने घरातल्या एका वस्तूबद्दल बोलायचं होतं. मी बाबांच्या चष्म्याची केस दाखवली. ते इथे आले होते तेव्हा विसरून गेलेले. म्हटलं, नोव्हेंबरमध्ये नागपूरला बाबा वारले, मला जाता आलं नाही.

हेल्मी काहीच बोलली नाही. मला वाटलं, नेट गेलं. आपल्याकडे असं कोण गप्प बसतं? "असू दे गं, सुटले ते" म्हणतात आणि विषय बदलतात. इथल्या ऑफिसात तर काय, "यू विल बी ग्रँड!" म्हणजे, होशील गं मस्त.

मग तिच्या कपातून वाफ वर जाताना दिसली. म्हणजे स्क्रीन अडकली नव्हती. ती नुसती माझ्याकडे बघत होती.

"ऐकतेय मी," ती म्हणाली. "घाई नाही."

आणि जे महेशलाही, नवरा असून, सांगितलं नव्हतं ते बोलून गेले. तिकडे दादा अग्नी देत होता, तेव्हा मी व्हिडिओ कॉल बंद करून ऑफिसच्या मीटिंगमध्ये जाऊन बसले. बघवत नव्हतं. का केलं असं मी?

तिने उत्तर दिलं नाही. किती बरं वाटलं, कसं सांगू.

माझं बोलून होईपर्यंत वाफ थांबली होती. तिने एक घोटही घेतला नव्हता.