मातियामियाँचा चेहरा

मी, हफीजा हुसेनमियाँ मुकादम, मूळ गाव दाभोळ, हल्ली मुक्काम मुलाकडे हुफूफ, सौदी अरेबिया, शिक्षण मराठी चौथी, अल्लाच्या मेहेरबानीने डोकं ठिकाणावर असताना, कुणाच्या दडपणाखाली नव्हे तर चांगली खुशीत, माझ्या हाताने हे लिहून ठेवते. गुडघे ठिकाणावर नाहीत, पण ते लिहावं लागत नाही असं शेजारची डॉक्टर वीणा म्हणते.

१. दाभोळचं घर आणि मागची कलमं यांचे वाटे शरियतप्रमाणे होतील, त्यात मी बोलणारी कोण. थोरल्या जावेने लग्नाला म्हणून नेलेली माझी तांब्याची हंडी अजून "धुवायची आहे". ती तिलाच राहू दे. धुऊन झाली की वापरील.

२. बांगड्या सून मेहेकला. नर्सची ड्यूटी करून येते आणि चहासुद्धा उभ्याने पिते. बाई गं, बांगड्या घालून तरी जरा बस.

३. शिवणयंत्र नात अफशाँला. ती म्हणते, "दादी, आय डोन्ट नीड इट." नको तर नको, पण विकू नये. त्याच्यावर तुझा बाप, माझा शारीक, शिकला. शारीक पोटात असताना त्याचे अब्बा इकडे कामाला आले आणि समुद्रात बुडून गेले. फोटो एकच, पासपोर्टवरचा, तो कफीलकडे, म्हणजे इकडच्या मालकाकडे, राहिला. शारीकने बापाचं तोंड पाहिलेलं नाही.

४. टॅबलेट शारीकला. मुलगा इस्पितळात, सून इस्पितळात, नात शाळेत. दिवसभर मी आणि एसीची घरघर, खिडकीत पार्किंग. एकदा माझं बोट कुठे लागलं कोण जाणे, टॅबलेटवर बर्फातून जखमी माणसाला पाठीवर घेऊन चाललेला एक तरुण आला. मी ओरडलेच. शारीकचे अब्बा!

अफशाँने वाचून सांगितलं, हा स्लोव्हेनिया नावाच्या मुलखातला नट, मातिया ब्रेझोवार. परक्या पुरुषाचं नुसतं नाव कसं घ्यायचं, म्हणून मी मातियामियाँ म्हणते. मोठी लढाई संपली तेव्हा ते पिक्चरमध्ये आले. आधी सैनिक, मग नदीतून लाकडं नेणारा, मग मोटारसायकलवर बाई बसवणारा, तो मी दार लावून बघते. मग हिरोचा भाऊ, हिरोचा बाप, शेवटी बसचा कंडक्टर, वाक्यं दोन. ज्याने त्यांना कंडक्टर केलं त्याला मी माफ केलेलं नाही, नोंद असावी. पण माझं भलंच झालं. भर तारुण्यात गेलेला माझा माणूस मी म्हातारा होताना पाहिला. केस पिकले, पोट सुटलं. कंडक्टर तिकीट फाडतो तेव्हा मी म्हणते, "दमलात ना? उतरा आता, चहा टाकते."

शारीकला दाखवलं तर म्हणाला, "अम्मी, हा गोरा माणूस आहे. माझ्या बापाने बर्फ पाहिला तरी होता का? खलास कर हे." मी टॅबलेट लावला की तो खोलीत येत नाही.

५. म्हणून माझ्यामागे शारीकने हे सगळे पिक्चर बघावेत आणि आपला बाप पाहून घ्यावा.

एवढं लिहिलं, ते वीणाचे मालक दत्तात्रयराव, साक्षीला आलेले, वाचून म्हणाले, "चाची, पण यात बापाचं काय आणि नटाचं काय, हे त्याला सांगणार कोण?"

खरंच की. हसणं शारीकच्या अब्बांचं, चालणं नटाचं. हे ओळखणारी मी एकटी. मी गेले की तो नुसता गोरा माणूस उरतो.

कलम ५ खोडलं आहे. शारीकला हाक मारली.

"यल्ला, अम्मी, लवकर, ड्यूटी आहे," म्हणत आला, उभाच राहिला. मी टॅबलेट लावला आणि बोट ठेवून सांगत गेले. ही हनुवटी. डोळे हेच, पण काळे समज. बसमध्ये मातियामियाँ हसले.

"असे हसायचे?"

"अस्से."

शारीक पलंगावर टेकला. "आणि कान?"

"कान नटाचे. तुझ्या अब्बांचे मोठे होते."

त्याने आपल्या कानाला हात लावला. मग म्हणाला, "परत लाव."

बाकीची कलमं कायम. वरची खोडाखोड माझ्या हातची, समजून उमजून केलेली.

सही: हफीजा हुसेनमियाँ मुकादम

साक्षीदार: १. दत्तात्रय केळुसकर २. डॉ. वीणा केळुसकर

हुफूफ, शुक्रवार, ७ नोव्हेंबर २०२५